हत्तींच्या मुक्कामी आणि चुन्याच्या धबधब्यावर

यंदा बॉयलर अग्निप्रदीपनाच्या आधी जे मोकळे दिवस मिळाले ते साधून आमच्या गटातील चौदा सभासद थायलंडला जाऊन आलो. प्रवास ज्याने त्याने स्वतःच्या खिशातून केला, हे आधीच लिहून ठेवतो. नाहीतर वार्षिक सभेत पहिला प्रश्न तोच यायचा. तिकडची ऊसशेती पाहणे हा मुख्य हेतू होता व त्याचा वृत्तांत वेगळा देणार आहोत. परंतु परत आल्यापासून सोसायटीत, दूध डेअरीवर, पारावर जो तो विचारतो ते हत्तींचेच. तेव्हा उसाआधी हत्ती.

आपल्या जिल्ह्यात हत्ती हा विषय तसा नाजूक झाला आहे. आजरा-चंदगडकडच्या सभासदांना हत्ती म्हटला की तुडवलेला ऊस आठवतो. आणि नांदणी मठाच्या हत्तिणीवरून २०२५ साली काय काय झाले ते सर्वांना ठाऊक आहेच. त्या वादात इथे शिरत नाही. पण हत्ती पाळावा की नाही, पाळला तर कसा, आणि त्याचे काम संपल्यावर त्याला कोणी खायला घालायचे, हे प्रश्न आमच्या डोक्यात घोळत होतेच. ते प्रश्न ज्या मुलखात सगळ्यात मोठ्या प्रमाणावर उभे राहिले तो मुलूख पाहण्याचा योग आला, एवढेच.

बँकॉकच्या उत्तरेस सुमारे सातशे किलोमीटरवर चिआंग माई हे शहर आहे. पिंग नदीच्या काठी, चारी बाजूंनी डोंगर, गावात जुनी देवळे आणि भोवती खंदक. विमानाने बँकॉकहून सव्वा तास लागतो. या शहराच्या आसपासच्या खोऱ्यांत हत्तींचे तळ इतके आहेत की हॉटेलच्या टेबलावर त्यांच्या जाहिरातींची चळत पडलेली असते. आणि गंमत अशी की त्यातल्या जवळजवळ प्रत्येकावर इंग्रजीत ‘एथिकल’ आणि ‘सँक्च्युअरी’ असे छापलेले. म्हणजे हत्तीला न छळणारे, नीतीने चालणारे आश्रयस्थान. आपल्याकडे हायवेवरच्या प्रत्येक ढाब्यावर ‘शुद्ध गावरान’ अशी पाटी असते ना, त्यातलाच प्रकार. पाटी कोणीही लावू शकतो.

मग ओळखायचे कसे? आमच्या वाटाड्या मुलाने सोपी रीत सांगितली. तो म्हणाला, जाहिरातीत काय लिहिलंय ते वाचू नका, फोटोत माणूस कुठे आहे ते बघा. माणूस हत्तीच्या पाठीवर असेल तर विषय संपला. हत्ती सोंडेत कुंचला धरून चित्र काढत असेल किंवा चेंडू लाथाडत असेल तर तेही सोडा, कारण जंगलातला कुठलाही हत्ती आपण होऊन असले उद्योग करत नाही, ते त्याला मारूनच शिकवावे लागते. माणूस हत्तीच्या अंगावर बादलीने पाणी टाकत हसत असेल तर विचारा, की हत्तीला दिवसातून किती वेळा अंघोळ घालता? माणसांच्या दर गाडीबरोबर एकदा घालत असतील तर ती अंघोळ हत्तीसाठी नाही, गाडीसाठी आहे. हे त्याचे शेवटचे वाक्य मला फार पटले. जानेवारी २०२५ मध्ये दक्षिण थायलंडमध्ये एका तळावर हत्तीला अंघोळ घालतानाच एक परदेशी तरुणी हत्तीच्या धडकेने मरण पावली. म्हणजे हा प्रकार हत्तीला जाच आणि माणसाच्या जिवाला धोका, असा दोन्हीकडून वाईट.

आम्ही निवडले ते ‘एलिफंट नेचर पार्क’. चिआंग माईपासून उत्तरेला साठेक किलोमीटरवर मे तेंग नदीच्या खोऱ्यात. सेंगदुआन चायलर्ट या बाईंनी १९९० नंतरच्या दशकात हे उभे केले. लोक त्यांना ‘लेक’ म्हणतात. लेक म्हणजे त्यांच्या भाषेत लहान. आपल्या कानाला मात्र ती लेकच ऐकू येते. डोंगरातल्या आदिवासी गावात जन्मलेली ही बाई. २००५ साली ‘टाइम’ साप्ताहिकाने आशियातील वीरांच्या यादीत तिचे नाव घेतले. आज तिथे शंभरावर हत्ती आहेत. माणशी अडीच हजार बाथ पडले, म्हणजे आपले सहा-सात हजार रुपये. रक्कम ऐकून आमच्यातले तात्या म्हणाले, “बसायला मिळत न्हाई, हात लावायला मिळत न्हाई, आणि सात हजार? नुसतं बघायचं?” हा प्रश्न दिवसभर पुरला.

सकाळी आठला गाडी आली. वाटेत गाडीतल्या पडद्यावर त्यांनी एक चित्रफीत दाखवली. ती बघायला कठीण होती. हत्तीचे पिल्लू माणसाळवण्याची जुनी रीत तिकडे ‘फाजान’ म्हणून ओळखली जाते. पिल्लाला आईपासून तोडायचे, जेमतेम मावेल अशा लाकडी खोड्यात दोरांनी आवळायचे, उपाशी ठेवायचे, झोपू द्यायचे नाही, आणि अणकुचीदार हत्याराने टोचत राहायचे. मनातली जिद्द मोडेपर्यंत. मग ते जन्मभर अंकुशाला भिते. चित्रफीत संपली तेव्हा गाडीत कोणी बोलेना. बऱ्याच वेळाने तात्याच म्हणाले, “खोंडाचं नाक टोचताना आपुन तरी काय इचारून टोचतो?” आक्का म्हणाल्या, “खोंडाला उपाशी कोण ठेवतं हो?” त्यावर तात्या गप्प बसले, पण त्यांचा प्रश्न काही खोटा नव्हता.

खोऱ्यात उतरलो तर समोर रुंद माळ, कडेने नदी, पलीकडे हिरवेगार डोंगर, आणि माळावर हत्ती सुटे चरताहेत. दोन-दोन, चार-चार मिळून उभे. कोणाच्या पायात साखळी नाही. प्रत्येकीचा माहूत आसपास सावलीत बसलेला, हातात अंकुश नाही. हाक मारतो, नाहीतर केळे दाखवतो. प्रत्येकी म्हणायचे कारण बहुतेक हत्तिणीच. आम्हाला एका अंतरावर उभे केले. तिथे हत्तीला अंघोळ घालणे पाहुण्यांना आता बंद आहे. हत्तीला वाटले तर तो नदीत जातो, नाही वाटले तर जात नाही.

सुरुवातीला पाच-दहा मिनिटे वाटले, हे काय पाहायचे? गुरे चरतात तसेच तर आहे. पण उभे राहिल्यावर एक एक गोष्ट दिसायला लागते. एक म्हातारी हत्तीण गवताची पेंडी सोंडेने उचलून आधी पुढच्या पायावर दोनदा झटकायची, माती झाडायची, मग तोंडात. दुसरीने अंघोळ केली आणि लगेच अंगावर धूळ उडवून घेतली. ऊन आणि माश्यांपासून तेवढेच संरक्षण. एक चालताना मागचा पाय फरपटत होती. ब्रह्मदेशाच्या सीमेवर लाकडे ओढताना सुरुंगावर पाय पडलेले हत्ती तिथे आहेत. काही आंधळ्या आहेत. काहींचा कणा वाकलेला, कारण वर्षानुवर्षे पाठीवर लोखंडी बाकडे आणि त्यावर दोन-तीन माणसे. हत्ती एवढा मोठा म्हणून आपण समजतो की त्याला माणसाचे वजन ते काय. पण त्याच्या कण्याच्या मणक्यांवर वरच्या अंगाला हाडांचे उभे कंगोरे असतात. ओढण्याची ताकद अफाट. दिवसभर पाठीवर ओझे वाहण्याची घडण मात्र नाही. बैलाला ओढायला जुंपतो, पण त्याच्या पाठीवर पोती लादून दिवसभर हिंडवत नाही, तसेच हे.

जोकिया नावाच्या हत्तिणीची हकिगत तिथे सांगतात. ती लाकूड ओढण्याच्या कामावर होती. काम चालू असतानाच चढावर व्याली, पिल्लू उतारावरून घरंगळून मेले. त्यानंतर ती कामाला उठेना. मालकाने चिडून आधी एक डोळा घालवला, तरी ऐकेना म्हणून दुसरा. आंधळी झाल्यावर ती इथे आली. तिथल्या मे पर्म नावाच्या वयस्कर हत्तिणीने पहिल्या भेटीत तिच्या चेहऱ्यावरून सोंड फिरवली आणि पुढे कित्येक वर्षे ती तिला आपल्याबरोबर हिंडवीत राहिली. पुढे मे पर्म वारली. यावर आणखी काही लिहीत नाही. आमच्यातल्या बायकांनी डोळ्याला पदर लावला, आणि पुरुषांनी चष्मे पुसले.

आता आपल्या कामाचा हिशेब. एक मोठा हत्ती दिवसाला दीडशे ते दोनशे किलो चारा खातो. खाल्लेल्यातले निम्मेही त्याला पचत नाही, म्हणून सारखे खावे लागते. दिवसाचे बारा-पंधरा तास, कधी अधिकच, त्याचे तोंड चालू असते. दीडशे किलोने धरले तर वर्षाचे पंचावन्न टन झाले, दोनशेने त्र्याहत्तर टन. एकरी चाळीस टन ऊस काढणाऱ्या सभासदाला एक हत्ती सांभाळायचा तर दीड ते पावणेदोन एकर त्याच्याच नावे लिहून द्यावे लागेल. आणि असे शंभर हत्ती म्हणजे साडेपाच ते सात हजार टन. अडीच हजार टनी कारखान्याचे दोन-तीन दिवसांचे गाळप हे हत्ती वर्षाला फस्त करतात. हा आकडा मी कागदावर मांडून दाखवला तेव्हा तात्यांना सात हजार रुपये कशाचे ते पहिल्यांदा समजले.

अर्थात नुसत्या उसावर हत्ती ठेवत नाहीत. गवत, मक्याची ताटे, केळी आणि केळीचे खुंट, भोपळे, कलिंगडे असा शिधा असतो. ऊस हा त्यांचा खाऊ. गोडावर हत्ती किती जीव टाकतो ते मी सांगायला नको. म्हाताऱ्या हत्तींची गोष्ट आणखी वेगळी. हत्तीला जन्मात दाढांचे सहा संच येतात. एक झिजला की मागून दुसरा पुढे सरकतो. सहावा झिजला की संपले, चावता येत नाही, आणि जंगलात असा हत्ती उपासमारीनेच जातो. इथे त्यांच्यासाठी मऊ भात आणि केळी कुस्करून गोळे करतात. आजी-आजोबांना कण्या शिजवून द्याव्यात तसे.

दुपारचे जेवण तिथेच होते, आणि ते संपूर्ण शाकाहारी. आमच्यात तीन माळकरी होते. थायलंडात आल्यापासून त्यांनी फळांवर आणि घरून नेलेल्या दशम्यांवर दिवस काढले होते. त्या दिवशी ते पोटभर जेवले. जेवता जेवता वाद रंगला, आणि तो वाद मला त्या दिवसातला सगळ्यात मोलाचा वाटला. पण तो कळण्यासाठी मागची थोडी हकिगत सांगायला हवी.

उत्तर थायलंडचा हत्ती हा मुळात सागवानाचा हत्ती. डोंगरात तोडलेले सागाचे ओंडके ओढून नदीत टाकायचे, पाण्याबरोबर ते खाली बँकॉकला जायचे. या धंद्यात ज्या मोठ्या कंपन्या होत्या त्यांतली एक १८६३ साली आपल्या मुंबईत स्थापन झालेली ‘बॉम्बे बर्मा ट्रेडिंग कॉर्पोरेशन’. म्हणजे त्या ओंडक्यांचा थोडा हिशेब मुंबईच्या वहीतही लिहिला गेला आहे. पुढे डोंगर उघडे पडले. नोव्हेंबर १९८८ मध्ये दक्षिण थायलंडात अतिवृष्टी झाली, उघड्या डोंगरावरून माती आणि तोडलेले ओंडके गावांवर आले, शेकडो माणसे गेली. लोकक्षोभ झाला आणि जानेवारी १९८९ मध्ये सरकारने जंगलतोडीला देशभर बंदी घातली. निर्णय योग्यच होता. पण त्या एका निर्णयाने हत्ती आणि त्यांचे माहूत रोजगारावाचून बसले. हत्तीला सुट्टी देता येत नाही. त्याला दुसऱ्या दिवशीही दीडशे किलो लागतातच. मग कोणी चोरट्या तोडीला गेले, कोणी हत्ती घेऊन बँकॉकच्या रस्त्यावर केळी विकत भीक मागत हिंडले, आणि बाकीचे पर्यटकांकडे वळले. पाठीवर बसण्याचा धंदा असा वाढला. तो दुष्टपणातून निघाला नाही, पोटातून निघाला.

आणखी एक गोष्ट ऐकून आम्ही चकित झालो. थायलंडात जंगली हत्तीला वन्यजीव कायद्याचे संरक्षण आहे. पाळीव हत्ती मात्र १९३९ सालच्या ओढकामाच्या जनावरांच्या कायद्याखाली येतो. म्हणजे घोडा, गाढव, बैल, रेडा, आणि त्यांच्याच पंक्तीला हत्ती. आठव्या वर्षी त्याची नोंदणी करतात. आपल्याकडे हत्ती १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात पहिल्या अनुसूचीत आहे; तिकडे कायद्याच्या लेखी तो बैल आहे.

हे वाटाड्याने सांगितले आणि तात्या ताटावरून म्हणाले, “मग असं म्हणा की, त्यो बैलच हाय. आन् बैलाला काम नसलं तर आपुन काय करतो?”

कोणी उत्तर देईना. कारण उत्तर सगळ्यांना माहीत होते. ज्यांच्या दारात ट्रॅक्टर आला त्यांच्या गोठ्यात बैलजोडी उरली का? एका सभासदाने सांगितले की वडिलांच्या हातची जोडी त्यांनी शेवटपर्यंत दावणीला ठेवली, पण त्यांच्या मुलाने पुढची घेतली नाही. आक्का म्हणाल्या, बेंदराला मातीचे बैल पुजतो तेवढेच आता. दुसरा एक सभासद जरा तापलाच. त्याचे म्हणणे, परदेशात येऊन हत्तीच्या अंकुशावर अश्रू ढाळतो, पण हंगामात कारखान्याच्या रस्त्यावर बैलगाड्या बघा. चढाला गाडी अडली की आर टोचतात, शेपटी पिरगाळतात, आणि वजन तर विचारूच नका. ते पाहून आपण हॉर्न वाजवतो आणि पुढे जातो.

तो म्हणाला ते खरे आहे, म्हणून इथे जसेच्या तसे लिहिले. ओढकामाच्या जनावरांविषयी आपल्या देशात १९६५ पासून नियम आहेत. गाडीला किती वजन भरायचे ते त्यात आहे, आणि टोकदार काठीने जनावर हाकायला मनाई आहे. नियम कागदावर आहेत. माझे स्वतःचे मत असे की गाडीवानाला दोष देऊन भागणार नाही. दूरच्या जिल्ह्यातून आलेला तो माणूस. उचल फेडायची असते, खेपेवर पैसे मिळतात, म्हणून तो गाडी भरतो. थायलंडचा माहूतही तसाच. बसायला पैसे देणारा होता तोवर त्याने बसवले; न बसण्याचे पैसे देणारा निघाला तसा त्याने खोगीर उतरवले. जनावराचे काय होणार हे शेवटी पैसे देणारा कशाचे पैसे देतो यावर ठरते. आमच्या कारखान्यापुरते बोलायचे तर वजनकाट्यावर गाडीच्या वजनाची मर्यादा पाळणे आणि गव्हाणीजवळ बैलांना सावली व पाण्याचा हौद करणे हे संचालक मंडळाला अवघड नाही. चौदाही जणांनी सहीचा अर्ज द्यायचे तिथेच ठरवले. तो देऊन झाला आहे.

पार्कचे सगळे गोडच आहे असेही नाही. २०२० साली कोरोनाने पर्यटक थांबले आणि हत्तीवाल्यांचे कंबरडे मोडले. त्या उन्हाळ्यात चिआंग माई भागातले शंभरावर हत्ती माहुतांबरोबर चालत मे चेमच्या डोंगरातल्या आपल्या मूळ गावी गेले, कारण तळावर चारा उरला नव्हता. पाठीवर बसवणारे तळ असोत की न बसवणारे, पैसा बाहेरच्या पाहुण्यांकडूनच येतो. तो आटला की सगळेच उघडे. आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये मे तेंगला मोठा पूर आला, तेव्हा याच पार्कमध्ये पाणी शिरले, हत्ती रातोरात उंचावर न्यावे लागले, त्यात दोन हत्ती वाहून मेले. एकोणीस, एकवीस सालचे पूर ज्यांनी गोठ्यात कमरेइतक्या पाण्यात उभे राहून काढले त्या आपल्या सभासदांना त्या रात्रीची कल्पना वेगळी द्यायला नको.

जंगली हत्ती आणि ऊस यांचे तिकडेही जमत नाही, हे आजरा-चंदगडकरांसाठी मुद्दाम लिहितो. पूर्व थायलंडात चाचोएंगसाओ भागात अभयारण्यातून ३२५९ क्रमांकाचा रस्ता जातो. त्या रस्त्याने उसाचे ट्रक जातात, आणि हत्ती रस्त्यात उभे राहून ट्रक अडवतात. ड्रायव्हर थांबतो, हत्ती सोंडेने दोन-चार ऊस ओढून घेतो, मग बाजूला होतो. लोक त्याला टोलनाका म्हणतात. ऐकायला मजा वाटते. पण ज्याच्या उभ्या पिकात तोच हत्ती शिरतो त्याला मजा वाटत नाही, तिथेही आणि इथेही. पार्कमधले हत्ती पाहून जंगली हत्तीचा प्रश्न सुटत नाही. ते दोन वेगळे प्रश्न आहेत आणि त्यांची गल्लत करू नये.

दोनच्या सुमारास तिथून निघालो आणि त्याच मे तेंग तालुक्यातल्या बुआ तोंग धबधब्याकडे वळलो. वाटेत रिमझिम. मे तेंग नदीचे पाणी आपल्या पंचगंगेसारखे गढूळ तांबडे झालेले, त्यामुळे धबधबाही तसाच असणार असे धरून चाललो होतो. प्रत्यक्षात पाणी स्वच्छ, किंचित दुधी. कारण ते ओढ्याचे पाणी नाही, वरच्या अंगाला जमिनीतून फुटणाऱ्या झऱ्याचे आहे. त्या झऱ्याला तिकडे सात रंगांचा झरा म्हणतात.

गाडी धबधब्याच्या माथ्यावरच लागते. पायऱ्यांनी खाली उतरायचे आणि मग धबधब्यातूनच, वाहत्या पाण्यातून, अनवाणी वर चढायचे. हे ऐकून प्रथम सगळे मागे सरले. आपल्याकडे आंबोलीच्या धबधब्यात पाय घसरून माणसे पडतात हे सगळ्यांना माहीत. पण इथला खडक घसरतच नाही. पांढरट-पिवळसर, मोठमोठ्या गोल फुगवट्यांचा, हाताला खरखरीत, आणि वरून पाणी धो धो जात असताना पाऊल चिकटल्यासारखे बसते. म्हणून परदेशी लोक त्याला चिकट धबधबा म्हणतात. चिकट काही नसते. झऱ्याच्या पाण्यात चुनखडी विरघळलेली असते. पाणी मोकळ्या हवेत आले की तो चुना खडकावर थराथराने बसत जातो. थर सतत नवा, त्यामुळे शेवाळ धरायला फुरसतच मिळत नाही. कडेला जिथे पाणी पोचत नाही आणि हिरवे दिसते, तिथे मात्र घसरते. तिकडे पाय टाकू नये.

आमच्यात कारखान्यातून निवृत्त झालेले एक पॅनमन होते. त्यांनी खडकावर नख ओढून पाहिले आणि म्हणाले, “अहो, हे तर इव्हॅपोरेटरच्या नळ्यांतलं स्केल!” आणि खरेच तेच ते. रसाला चुना देतो, तो पुढे नळ्यांत बसतो, आणि दर काही दिवसांनी गाळप थांबवून ब्रश मारावे लागतात. जन्मभर ज्या थराला शिव्या दिल्या त्याच्यावर पाय रोवून मनुष्य मजेत धबधबा चढत होता. अवघड जागी दोर बांधलेले आहेत. साठी ओलांडलेल्या आक्का नऊवारीचा काष्टा घट्ट करून, दोर न धरता, तरण्या पोरांच्या आधी माथ्यावर पोचल्या आणि वरून ओरडल्या, “या की लवकर!” तात्या मात्र खालीच छत्री घेऊन बसून राहिले. त्यांनी वाटाड्याला विचारून घेतले की तिकडच्या उसाचा हिशेब कसा. १९८४ च्या त्यांच्या कायद्याने साखरेच्या धंद्यातल्या उत्पन्नाचे शंभरातले सत्तर उत्पादकाला आणि तीस कारखान्याला अशी वाटणी ठरते, आणि जमीन ते ‘राय’मध्ये मोजतात, एक राय म्हणजे आपले जवळजवळ सोळा गुंठे. एका रायला नऊ-दहा टन सरासरी. तात्यांनी गुंठ्यावर भागाकार केला आणि समाधानाने म्हणाले, “आपुन बरं हाय.” याविषयी सविस्तर पुढच्या लेखात येईलच.

जाऊ इच्छिणाऱ्या सभासदांना थोडी माहिती. पार्कची जागा आधी नोंदवावी लागते, ऐनवेळी जाऊन आत घेत नाहीत. अंगावर एक जादा कपड्यांचा जोड ठेवावा, धबधब्यावर लागतो. सप्टेंबर-ऑक्टोबरात नदीला पुराचे भय असते. फेब्रुवारी ते एप्रिल त्या खोऱ्यात धूर भरतो, कारण डोंगरातली जंगले आणि शेतातला पालापाचोळा तेव्हा पेटवतात. दमेकऱ्यांनी ते महिने टाळावेत. उत्तम हवा नोव्हेंबर ते जानेवारी. पण तेव्हा आपला हंगाम भरात असतो. ज्यांची नोंद आडसाली लागणीची आहे त्यांची तोड आधी येते, त्यांनी घर सोडू नये. सुरू आणि खोडव्याच्या सभासदांना जानेवारीपर्यंत सवड मिळते. तरी निघण्यापूर्वी गट ऑफिसात तोडीची तारीख विचारून घ्यावी.